भिंत पडेल त्या दिवशी

११ ऑक्टोबर १७६५

काल किल्ल्यावरचं आपलं फ्रेंच निशाण उतरलं. लाल कोटवाले इंग्रज वेशीतून आत आले, आमचे मूठभर शिपाई बाहेर पडले, दोन्हीकडच्या साहेबांनी एकमेकांना टोप्या काढून दाखवल्या आणि झालं. राज्य बदलायला इतका थोडा वेळ लागतो हे मला माहीत नव्हतं. पावाचं पीठ फुगायलाही ह्याहून जास्त लागतो.

हे कागद कोठीतले आहेत. माझा नवरा एत्येन किल्ल्याची कोठी सांभाळायचा. तो तापानं गेला त्याला तीन वर्षं झाली, पण एक किल्ली आमच्याकडेच राहिली होती. इंग्रजांनी कुलपं बदलायच्या आधी मी आत जाऊन कोरे कागद उचलून आणले. सासूबाई म्हणाल्या, "लोकांनी मीठ आणलं, शिसं आणलं. आमच्या सूनबाईंनी कागद आणले. आता ते उकडून खाऊ." न्यू ऑर्लिन्सच्या मठातल्या जोगिणींनी मला लिहायला शिकवलं होतं, इथे आल्यापासून लिहायला काही मिळालं नव्हतं. आता मिळालं आहे.

शिपायांबरोबर निम्मं गावही नदीपलीकडे चाललं आहे. पलीकडे स्पेनच्या राजाचं राज्य, अलीकडे इंग्लंडच्या. आमचा राजा आम्हाला कुठे विसरला कुणास ठाऊक. जाणारे नुसते जात नाहीत, घरं उकलून नेत आहेत. छपराच्या फळ्या, खिडक्या, दारं, बिजागऱ्या, सगळं होडीत. मागे नुसते खांब उभे.

आन्सेल्म गवंडीही आज गेला.

गावात सगळ्यांना ठाऊक आहे ते कागदाला ठाऊक नाही, म्हणून लिहिते. ह्या जानेवारीत, तीन राजांच्या सणाला, किल्ल्यात नाच होता. गोड पावात लपवलेला घेवड्याचा दाणा आन्सेल्मच्या तुकड्यात आला, म्हणजे त्या दिवसापुरता तो राजा. राजानं राणी निवडायची असते. त्यानं मला निवडलं. तिथवर ठीक होतं. पण आमचा नाच संपल्यावर ह्या माणसानं भर सभेत मला विचारलं, माझ्याशी लग्न कराल का? मी काळे कपडे उतरवून महिनाही झाला नव्हता. विधवेनं दुसरं लग्न केलं की आमच्याकडे गाव तिच्या खिडकीखाली तवे-पातेली बडवत उभं राहतं, आणि दोघी-तिघींची नजर आत्ताच पातेल्यांकडे वळलेली मला दिसत होती. सासूबाई कोपऱ्यात बसल्या होत्या. संध्याकाळभर तो किल्ल्याच्या दक्षिण तटाची बढाई मारत होता, ती भिंत त्यानं बांधली आहे. मी म्हटलं, "तुमची भिंत नदीत पडेल त्या दिवशी येईन."

असा हशा पिकला की वाजवणाऱ्याचं सारंगीवरचं बोट घसरलं. आन्सेल्म कानापर्यंत लाल झाला. म्हणाला, "मग तुम्ही कधीच येणार नाही, बाई. ती भिंत शेवटच्या न्यायाच्या दिवशीही उभी असेल."

तेव्हापासून मी विहिरीवर गेले की बायका विचारतात, "अगात, भिंत कशी आहे?" मी म्हणते, उभी आहे.

आज तो निरोप घ्यायला आला तेव्हाही आत बसला नाही. दारातच उभा. खिशातून गाठी मारलेली दोरी काढून बोलता बोलता चौकटीवर धरत राहिला, आधी उभी, मग आडवी. हातात काही मोजायला असल्याशिवाय गवंड्यांना बोलता येत नसावं.

"दार चांगलं आहे," तो म्हणाला.

"अक्रोडाचं आहे."

"दिसतंय. ह्याला जपा."

दाराला जपा! मी कशी राहीन ते विचारलंही नाही. मीही मग हात न हलवता आत आले. खिडकीतून होडी दिसेनाशी होईपर्यंत बघितली, ती बातीस्त सुताराची कपाटं नीट गेली की नाही एवढ्याचसाठी.

२ डिसेंबर १७६५

पलीकडे टेकडीच्या पायथ्याशी धूर दिसतो आहे. आन्सेल्मनं चुन्याची भट्टी लावली म्हणे, बरोबर आमच्या समोर. आमच्या ओसरीवरून सरळ दिसते. ओसरीवर कणसं सोलायला उजेड चांगला असतो, म्हणून मी हल्ली तिथे बसते. सासूबाई म्हणाल्या, "कणसं कधीच संपली गं. आता थंडी सोलतेस का?"

आज धूर जाड आणि पिवळट होता. ओलं लाकूड घातलं असणार. सांगायला कुणी नाही त्याला.

१९ मे १७६६

नदीनं घाटाजवळचं मोठं अक्रोडाचं झाड नेलं. दरवर्षी ती आमच्या बाजूचा काठ खाते आणि पलीकडे गाळ टाकते. ह्या जागी आधी लाकडी किल्ले होते, तेही नदीनं आणि वाळवीनं मिळून संपवले, असं एत्येन सांगायचा. म्हणून तर राजानं दगडाचा बांधला. पांढराशुभ्र, चार बुरुजांचा. ह्याच्या तोफा शत्रूवर कधी उडाल्या नाहीत. शत्रू आलाच नाही. जे आले ते टोप्या काढून आले.

बाकीच्या बायका धुणं ओढ्यावर नेतात. मी नदीवर, तटाखालीच जाते. पाणी मऊ असतं. जाता-येता काठ किती उरला ते दिसतं. अजून पुष्कळ उरला आहे. भिंतीला काही होऊ नये म्हणून मी देवळातल्या सेंट अ‍ॅनला मेणबत्ती लावली.

७ ऑगस्ट १७६७

कातरीन आली होती. तिची आई इथल्याच मिशिगामिया जमातीच्या वस्तीतली, बाप कॅनडाचा, आणि जीभ तिची स्वतःची. होडी हाकत दोन्ही काठांना अस्वलाचं तेल विकते आणि दोन्ही काठांच्या बातम्या फुकट वाटते.

"तुझ्या राजानं घर बांधलं," ती म्हणाली.

"माझा कसला राजा?"

"बरं, दाण्याचा राजा. दगडी घर, दोन खोल्या, पुढे ओसरी, धुराडं असं की बघत राहावं. आणि दार नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे दार नाही! भोक आहे. त्यावर रानरेड्याचं कातडं लटकवलंय. हिवाळ्यात शेकोटीशी कुत्र्यासारखा वेटोळं करून झोपतो. लोक म्हणाले, अरे बातीस्तकडून फळ्या घे, तोही आता पलीकडेच आहे. म्हणतो, नको, चौकट ठरलेल्या मापाची आहे. येडा झालाय."

सासूबाई हसून हसून खोकायला लागल्या. मीही हसले. किल्ला बांधणारा माणूस, आणि ह्याला घराला एक दार करता येत नाही! कवडीचुंबक झाला असेल. एकट्या पुरुषाचं असंच होतं, घर बांधतील आणि शेवटचं काम ठेवून देतील. कातरीन गेल्यावर मात्र मला त्या कातड्याचा राग आला. थंडीत कातडं ताठ होतं, कडांनी वारा येतो. एवढं कळू नये?

१४ नोव्हेंबर १७६८

आज आम्ही मेलेल्यांना हलवलं.

काठ देवळाच्या आवारापर्यंत आला. गेल्या महिन्यात एक शवपेटी अर्धी बाहेर लोंबकळताना दिसली, तेव्हा ठरलं की सगळ्यांना टेकड्यांखालच्या प्रेरी द्यू रोशे गावात न्यायचं. बैलगाड्या लावल्या. एत्येन हातात आला तो एका पिठाच्या पोत्याएवढा. सासूबाईंनी पोतं गाडीत ठेवू दिलं नाही, मांडीवर घेऊन बसल्या. खड्डा आला की पोतं जरा वर उचलून धरायच्या, त्याला हिसका बसू नये म्हणून.

परतताना म्हणाल्या, "मी मेले की मला त्याच्याशेजारी. इथे नदीकाठी नको."

"हो आई."

"आणि तू?"

एत्येन चांगला माणूस होता. त्याच्या बोटांना शाईचा आणि खारवलेल्या डुकराचा वास यायचा आणि मला तो आवडायचा. पण आज गाडीतून येताना मी पूर्ण वेळ नदीकडे तोंड करून बसले होते, हे सासूबाईंनी बघितलं असणार.

९ जानेवारी १७६९

तीन राजांचा सण झाला. नाच नाही. जेमतेम दहा-बारा घरं उरलो आहोत. तरी सासूबाईंनी गोड पाव केला. दाणा माझ्या दाताखाली आला. मी गिळून टाकला.

धूर नाही. सणाच्या आधीपासून नाही. नदीत बर्फाचे तुकडे वाहताहेत, होडी जात नाही, बातमी येत नाही. मी सासूबाईंना म्हटलं, सुट्टी घेतली असेल. त्या म्हणाल्या, "गवंडी कधी सुट्टी घेतो? मेल्यावर."

१५ जानेवारी

धूर नाही.

१६ जानेवारी

काल मी लिहायचं टाळलं ते आज लिहिते. मला तो हवा आहे. तीन वर्षं झाली, मी रोज एका धुराकडे बघून सकाळ करते आणि धूर कमी झाला की माझं जेवण कमी होतं. त्याचा आवाज जाडाभरडा आहे, तो चुन्यानं भाजलेल्या हातांनी कप असा धरतो की फुटेल की काय वाटतं, आणि त्या नाचात त्यानं माझ्या कमरेला हात लावला तेव्हा झग्यावर चुन्याची पाच बोटं उठली होती. तो झगा मी धुतलेला नाही. पेटीत तळाशी आहे.

मग जात का नाहीस, असं कागद विचारत असेल. मी कुठल्या तोंडानं जाऊ? सगळ्या गावादेखत बोलले. विहिरीवर आजही विचारतात. भिंत उभी असताना गेले तर दोन्ही काठांवर म्हणतील, बघा, बाईला धीर धरवला नाही. आणि त्यालाही काय वाटेल? त्याच्या भिंतीपेक्षा माझा शब्द लवकर पडला असंच ना?

२ फेब्रुवारी

कातरीन आली! ताप होता त्याला. आता उठून बसतो आहे. मी पाव, सुकवलेली सफरचंदं आणि अस्वलाची चरबी बांधून दिली. म्हटलं, माझं नाव सांगू नकोस.

"नाही सांगत," कातरीन म्हणाली. "म्हणेन, किल्ल्यातल्या इंग्रज साहेबानं पाठवलंय. साहेबाचा जीव आहे त्याच्यावर."

१० फेब्रुवारी

धूर. सकाळपासून. सासूबाई म्हणाल्या, "आज पाव दोनदा वाढून घेतलास."

२४ मे १७७०

पूर घरात आला. ओसरीवर चिखल, कोंबड्या छपरावर, इंग्रज शिपाई किल्ल्याच्या आवारातही होडीतून फिरत होते. त्यांच्यात तापाची साथ आहे, रोज कुणीतरी पुरला जातो. मला त्यांचा राग होता, तोही आता राहिला नाही. कोवळी पोरं आहेत, आणि कुणाचीच आई इथे नाही.

पाणी उतरल्यावर आमचं दार खालून कुजलं. बातीस्त मुद्दाम पलीकडून येऊन बघून गेला. खालचं चार बोटं लाकूड कापून टाकलं. म्हणाला, "वरचं लाकूड अजून तुझ्या नातवंडांना पुरेल."

"कुठली नातवंडं?" सासूबाई म्हणाल्या.

आता खालच्या फटीत चिंधी कोंबून ठेवतो.

१२ सप्टेंबर १७७१

आन्सेल्म आला आहे.

इंग्रज साहेबानं बोलावून घेतला. काठ तटाला भिडला आहे आणि भिंतीची नस फक्त त्यालाच माहीत. फांद्यांच्या मोळ्या बांधून, दगड लोटून काठ धरायचा म्हणे. मला कातरीनच्या तोंडून कळलं तेव्हा मी पीठ मळत होते. तशीच गेले, हातांना पीठ घेऊन. म्हटलं बघू तरी.

कमरेएवढ्या पाण्यात उभा. केस पांढरे झाले आहेत. चुन्याचे असतील म्हणून नीट बघितलं, चुन्याचे नव्हते.

त्यानं मान वर करून म्हटलं, "बाई. बरं आहे ना?"

सहा वर्षांनी एवढंच. त्याचे मदतनीस एकमेकांना कोपरानं ढोसत होते. त्यांतल्या एकानं ओरडून विचारलंच, "अगातबाई, भिंत कशी आहे?" मी म्हटलं, "त्यांनाच विचारा, तेच टेकू लावताहेत." आणि घरी आले. पीठ पार आंबून गेलं होतं.

२० सप्टेंबर

रोज पहाटे येतो, अंधार पडायच्या आत होडीनं परत जातो. हात सोलवटलेत त्याचे. भिंत वाचवायला हा माणूस एवढा का झटतो? उत्तर सोपं आहे. त्याला मी नको आहे. तेव्हा दाण्याच्या आणि दारूच्या भरात बोलून गेला, आता भिंतीआड लपतो आहे. शब्द मी दिला होता, तोडण्याचं काम त्यानं घेतलं.

२९ सप्टेंबर

सासूबाईंनी त्याला जेवायला बोलावलं. मला न विचारता. म्हणाल्या, पाहुणा माझा आहे, तू फक्त वाढ.

तो दारात आला आणि तिथेच थबकला. खाली बघत राहिला, चिंधीकडे. वाकला, फटीत बोटं घालून बघितली.

"हे कधी कापलं?"

"पुरानंतर. का?"

"काही नाही." त्याचं तोंड असं उतरलं की जणू मीच त्याच्या भिंतीचा दगड काढला होता. "वारा येत असेल खालून."

"येतो. पण दार तरी आहे आम्हाला," मी म्हटलं.

सासूबाईंनी चमच्यानं भांडं वाजवलं. तो जेवला. मक्याची लापशी, भोपळा, हरणाचं मटण, सगळं दोनदा घेतलं. शेवटी मलाच राहवलं नाही.

"एवढी कशाला वाचवताय ती भिंत? किल्ला इंग्रजांचा. राजा तर विसरलाच."

त्यानं कप खाली ठेवला. "मी आयुष्यात एकच गोष्ट नीट केली, बाई. ती पडावी म्हणून हात जोडून बसायचं, एवढं माझ्यानं होत नाही. कितीही वाटलं तरी."

"कितीही काय वाटलं?"

त्यानं टोपी घेतली आणि गेला.

भांडी घासताना सासूबाई म्हणाल्या, "दोन गाढवं. एक भिंतीला टेकू लावून बसलंय आणि दुसरं भिंत कधी पडते ते बघत बसलंय."

मी म्हटलं, "मी कुठे बघते? मी मेणबत्त्या लावते."

"हो. तोंडानं भिंत राहू दे आणि डोळ्यांनी पड गं बाई. सेंट अ‍ॅन म्हातारी आहे, आंधळी नाही."

११ ऑक्टोबर १७७१

काम संपलं. तो गेला. आज आमच्या दारावरून गेला, पण थांबला नाही. फक्त जाताना चालण्याचा वेग कमी केला.

८ एप्रिल १७७२

नदी भरते आहे. मोळ्या वाहून गेल्या.

१३ एप्रिल

भिंत पडली.

जेवणानंतरची वेळ होती. ऊन होतं, आभाळ स्वच्छ. आधी भाकरी मोडावी तशी एक चीर गेली, मग बुरूज जरा खाली बसला, म्हातारा माणूस खुर्चीत बसतो तसा, आणि मग दक्षिणेची भिंत जवळजवळ सगळीच्या सगळी पाण्यात निजली. आवाज नंतर आला. पाणी उसळून घाटापर्यंत आलं आणि पांढरं होऊन राहिलं. मी वाट बघितली, इतकी वर्षं वाट बघितली, आणि ती पडली तेव्हा मी "नको, नको" असं ओरडत होते. शेजारी उभ्या इंग्रज पोरानं माझा दंड धरला, मी पुढे जाते आहे असं वाटून.

विहिरीवर कुणी काही विचारलं नाही. बायकांनी माझ्या घागरी आधी भरून दिल्या.

१६ एप्रिल

पलीकडे धूर नाही. तीन दिवस. त्यानंही बघितलं असणार. त्याच्या दारातून, म्हणजे त्याच्या भोकातून, सरळ दिसतं.

२ मे

इंग्रज किल्ला सोडून चालले. तोफा, दारू, सगळं होड्यांत भरलं. आता आत कुणी नाही, नुसतं गवत आणि दारूचं कोठार. निशाण उतरवलं तेव्हा बघायला आम्ही दोघीच होतो. सासूबाई म्हणाल्या, "माझ्या नजरेसमोर दोन राजे गेले ह्या फाटकातून. नदी काही जात नाही."

मग माझ्याकडे न बघता पुढे म्हणाल्या, "मी प्रेरी द्यू रोशेला भाच्याकडे जाते. एत्येन तिथे आहे. छपराच्या फळ्या आणि पलंग माझा. दार तू ने."

"एकट्या दाराचं मी काय करू, आई?"

"ते मला काय विचारतेस? त्या दारात तो उभा राहिला तो काही माझ्यासाठी नव्हे."

मी त्यांच्या मांडीवर डोकं ठेवून रडले. इथे लग्न होऊन आले तेव्हाही अशी रडले नव्हते. त्या माझ्या केसांतून हात फिरवत होत्या आणि पुटपुटत होत्या, ऊठ, ऊठ, बिजागऱ्या गंजतील.

६ मे

दार कातरीनच्या होडीत आडवं घातलं. शिवाय पेटी, कोंबड्या आणि एक दगड. दगड मी तटाच्या ढिगाऱ्यातून उचलून आणला. उचलून म्हणजे, दोन इंग्रजांनी जायच्या आधी शेवटचं पुण्य म्हणून घाटापर्यंत आणून दिला होता. चपटा, लांब, कडेला आन्सेल्मची खूण कोरलेली, तीन रेघा आणि एक ठिपका. त्याच्यापुढे टाकून म्हणणार होते, हा घ्या तुमचा शेवटच्या न्यायाचा दिवस. रात्रभर वाक्य घोकलं होतं.

"दगड?" कातरीन म्हणाली. "पलीकडे दगडांचे डोंगर आहेत."

"तू वल्ही मार."

तो काठावर बसला होता. दाढी वाढलेली, हात रिकामे, तोंड पडलेल्या भिंतीकडे. होडी लागली तरी उठला नाही. मला बघून त्याला आनंद होईल असं मी धरून चालले होते. इतक्या वर्षांत एकदाही माझ्या मनात आलं नव्हतं की ज्या दिवशी मी येईन त्या दिवशी ह्या माणसाचं सगळ्यात जवळचं माणूस, ही भिंत, मेलेलं असेल.

वाक्य काही तोंडातून निघालं नाही. कातरीननं आणि मी दगड ढकलत त्याच्या पायाशी आणला. त्यानं अंगठा त्या तीन रेघांवरून फिरवला, ठिपक्यावर थांबला, आणि मान खाली घालून रडायला लागला. मी बाजूला बसले. कोंबड्याच काय त्या बोलत होत्या.

"चांगली भिंत होती," मी म्हटलं.

"चांगली होती," तो म्हणाला.

मग त्यानं होडीत बघितलं आणि त्याला दार दिसलं.

उठला. एका शब्दानं न विचारता ते पाठीवर घेतलं आणि चढण चढायला लागला. मी कोंबड्या घेऊन मागे. घराशी आल्यावर त्यानं कातडं ओढून काढलं, फेकून दिलं, आणि दार त्या भोकाशी उभं केलं. दोन्ही बाजूंना जाऊन बसलं. वरही बसलं. एक केस जाईल एवढीही फट नाही.

तेव्हा मला ती दोरी आठवली. आधी उभी, मग आडवी. मी ओसरीच्या पायरीवर बसले. सहा वर्षं. सहा हिवाळे हा माणूस वाऱ्यात झोपला, आणि मी ओसरीवर कणसं सोलत त्याला कवडीचुंबक म्हणत होते.

"तुम्ही सांगितलं का नाही?" मी म्हटलं.

"काय सांगू? तुमच्या दाराचं माप घेतलंय, भिंत पडायची वाट बघतोय? भिंत माझी होती, बाई."

फक्त खाली उजेड दिसत होता. चार बोटं.

"हे मी सप्टेंबरात बघितलं होतं," तो म्हणाला. "तेव्हापासून उंबऱ्याला दगड शोधतोय. इथे एवढे दगड, पण एकही मनाला येत नव्हता."

आम्ही दोघांनीही एकदमच मागे वळून बघितलं. दगड काठावरच राहिला होता. खाली जाऊन तो, मी आणि कातरीन, तिघांनी तो वर आणला. कातरीन वाटभर शिव्या घालत होती. त्यानं माती खरवडली, चुना ओतला, दगड बसवला, खूण बाहेरच्या अंगाला ठेवून. दार लावून बघितलं. एका कोपऱ्यात जरा घासतं. तो म्हणाला, उद्या टाकी मारतो. मी म्हटलं, घाई नको, आज चुना सुकू दे.

पाद्री पुढच्या आठवड्यात येणार. तोवर मी कातरीनच्या मावशीकडे झोपेन. बातीस्तनं गावातून जाताना ओरडून सांगितलं आहे की पातेली तयार आहेत, आणि इथली पातेली आमच्याकडच्यापेक्षा मोठी आहेत. वाजवा म्हटलं. फुटेपर्यंत वाजवा.

निघताना मी दार बाहेरून ओढून घेतलं. ते दगडावर घासलं, मग बसलं. मी पायरी उतरले तेवढ्यात आतून त्याचा आवाज आला, जाडाभरडा, अजून रडका.

"अगात, भिंत कशी आहे?"

त्यानं मला नावानं हाक मारली ती पहिल्यांदाच. मी हात मागे नेऊन दाराशेजारच्या भिंतीचा दगड चाचपला. उन्हानं अजून कोमट होता.

"उभी आहे," मी म्हटलं, आणि कातरीनच्या मावशीकडे जेवायला गेले.